चावीवाल्यांचा दावा

भांडुपच्या टेकडीखाली, पिठाच्या गिरणीसमोर, रस्त्यात एक लोखंडी झाकण होतं. रोज पहाटे दोन माणसं तिथं येत, पहार घालून झाकण उचलत, खड्ड्यातल्या व्हॉल्व्हवर छातीएवढी उंच लोखंडी चावी बसवत, तिच्या डोक्यातून आडवी दांडी घालत आणि घाण्याला जुंपल्यासारखी गोल फिरत. मग वर टेकडीवरचे नळ आधी खोकत आणि मागून वाहायला लागत. पाणी बंद करायचं तेव्हा पुन्हा हाच उद्योग, उलट्या बाजूनं.

या दोघांची नावं चंद्रप्रकाश सरवदे आणि गुणाजी परब. दोघं पाणीखात्यातले चावीवाले. एकाच चौकीत, एकाच चावीवर आणि गेली तीन वर्षं एकमेकांच्या विरोधात कोर्टात. पहाटे एका दांडीच्या दोन टोकांना हात आणि तारखेला एका बाकाच्या दोन टोकांना बूड, असा त्यांचा संसार चालला होता.

भांडण मुकादमाच्या जागेचं होतं. चौकीतला जुना मुकादम निवृत्त झाला, जागा एकच रिकामी झाली आणि सेवाज्येष्ठतेत खात्यानं गुणाजीला वर धरलं. चंद्रप्रकाश खवळला. नोकरीला तो गुणाजीच्या आधी लागला होता. पण लागला होता ट्रॉम्बेच्या चौकीत. पुढं वडिलांना लकवा झाला, घर इथं टेकडीवर, म्हणून त्यानं अर्ज करून भांडुपला बदली मागून घेतली. स्वतःच्या विनंतीनं बदली घेतली की माणूस नव्या चौकीत सगळ्यांच्या खाली जातो, असा खात्याचा नियम. म्हणजे बापाची सेवा केली आणि मागची सगळी नोकरी खड्ड्यात गेली. चंद्रप्रकाशला हे काही केल्या पटलं नाही. त्यानं वकील केला, स्टे आणला आणि जागा तशीच रिकामी लटकत राहिली. ना गुणाजी मुकादम, ना हा.

आता एक गोष्ट चावीवाल्यांखेरीज कुणाला ठाऊक नसते. हा व्हॉल्व्ह जुनाट. अर्ध्यातच गंजानं इतका जड जायचा की संपला असं वाटावं, म्हणून हातावर भरवसा ठेवून चालत नसे. फेरे मोजावे लागत. आणि मोजायचे ते जोडीतल्या एकानंच, मोठ्यानं. दोघं मोजायला लागले की घोटाळा. आकडा पुरा झाला की मोजणारा "बास" म्हणतो आणि दुसरा जिथल्या तिथं थांबतो. मोजायचा मान मोठ्याचा, म्हणजे जोडीतल्या सीनियरचा. हे कुठं लिहिलेलं नव्हतं, पण कुठल्याही चौकीत जाऊन विचारा.

चंद्रप्रकाश भांडुपला आला त्या दिवसापासून मोजायचा गुणाजी. व्हॉल्व्ह त्याच्या ओळखीचे होते. मालवणी हेलात, भजनाच्या चालीवर त्याचे आकडे निघत आणि गिरणीवाला झोपेतून त्यावर मान डोलवी. चंद्रप्रकाशला त्यात कधी काही वावगं वाटलं नव्हतं. घाटकोपरच्या धवल वकिलाला मात्र वाटलं.

"तो मोजतो आणि तुम्ही ऐकता?" वकील खुर्चीत पुढं सरकला होता. "अरे बाबा, म्हणजे तो सीनियर हे तुम्ही रोज सकाळी मान्य करता! उलटतपासणीत विचारलं तर काय सांगाल?"

दुसऱ्या पहाटे चंद्रप्रकाशनं दांडीला हात लावण्याआधी सांगितलं, "गुणाजी, आजपासून मोठ्यानं मोजायचं नाही."

"कित्या?"

"वकिलानं सांगितलंय."

गुणाजीनं तोंडातला तंबाखू थुंकला आणि दांडीला हात घातला. त्या दिवसापासून दोघं मनातल्या मनात मोजू लागले. "बास" म्हणायचं कुणी नाही. आकडा पुरा झाला की दोघांचे पाय आपोआप एकदम थांबत. इतक्या वर्षांची सवय होती, चुकत नव्हती. बोलणं तेवढं बंद झालं.

*

चंद्रप्रकाशला मुकादम व्हायचं होतं ते रुबाबासाठी नव्हे. त्याचा उजवा खांदा गेला होता. शर्ट घालताना तो आधी उजवी बाही चढवायचा, तीही डाव्या हातानं. भाकरीचा तुकडा तोंडाशी नेताना कोपर मांडीवर टेकायचा. डॉक्टरनं सांगितलं होतं की दांडी ढकलणं सोडा, नाहीतर हात वर जाणार नाही तो नाहीच. सोडा म्हणजे काय करा, ते डॉक्टरला कुठं ठाऊक? काम जमत नाही म्हणून खात्याला कळवलं तर अनफिट ठरवून घरी बसवतील. मुलगी चेतना नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला. मुकादमाला दांडी ढकलावी लागत नाही, तो कामं वाटतो आणि देखरेख करतो. एवढाच काय तो मार्ग उरला होता.

खांद्याचं त्यानं चौकीत कुणाला कळू दिलं नव्हतं. दुखणाऱ्या हाताचा चावीवाला म्हणजे बिनदाताचा कुत्रा, लोक पाठीमागं हसतात. आणि गुणाजीला तर मुळीच कळता कामा नये. विरुद्ध पार्टीला आपलं मर्म कोण दाखवतं?

"त्यांना सांगितलं असतंस तर?" एकदा मीरा म्हणाली. ती नवऱ्याचा खांदा शेकत होती.

"कोणाला?"

"गुणाजीभावजींना. मुकादम झाले तर तुला हलकं काम देतील."

"वेडी आहेस का गं? मी त्याला कोर्टात खेचलाय आणि तो मला हलकं काम देणार? तो मला गटारातल्या व्हॉल्व्हवर घालेल."

मीरानं शेकायचा कपडा पुन्हा गरम केला. जानकी, गुणाजीची बायको, तीन वर्षांपूर्वीपर्यंत तिच्या घरी चतुर्थीचे मोदक आणून द्यायची आणि चौदा एप्रिलला हक्कानं जेवायला बसायची. दोघींची घरं टेकडीच्या एकाच पायवाटेवर होती. केस लागल्यापासून दोघी नळावरसुद्धा एकमेकींकडं पाठ करून उभ्या राहत. नवऱ्यांच्या भांडणाची ही फुकटची शिक्षा मीराला जास्त लागली होती. ती तसं बोलून दाखवत नसे, पण भांडी आपटत असे.

त्या महिन्याच्या तारखेला कोर्टात न्यायाधीश म्हणाले, "पुढच्या तारखेला शेवटचा युक्तिवाद. मग निकाल." धवल वकील बाहेर येऊन हात चोळत म्हणाला, "फिफ्टी फिफ्टी." तीन वर्षांपूर्वी हाच माणूस शंभर टक्के म्हणाला होता.

परतीच्या बसमध्ये गुणाजी पुढच्या सीटवर बसला होता. त्याच्या मानेवरचे पांढरे केस बघत चंद्रप्रकाश मनात म्हणत राहिला, हा माणूस माझं सगळं घेऊन जाणार. त्याला त्या मानेचाच राग आला.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी पाणी बंद करताना ते झालं.

दोघं फिरत होते. ऊन गिरणीच्या पत्र्यावर आलं होतं. चंद्रप्रकाशनं डाव्या हातावर भार घेतला होता आणि उजवा दांडीवर नुसता टेकला होता. मनात आकडे चालू होते. आकडा पुरा झाला. त्याच्या पायांना ते कळलं, ते थांबायला निघाले आणि त्याच क्षणी त्याच्या मनात आलं, मी का आधी थांबू? थांबू दे ना त्याला. पाय पुढं पडला. समोर गुणाजीचाही पडला. दोघांनी एकमेकांकडं पाहिलं. दांडी हलेना. कुणीच सोडीना. दोघांनी दात खाऊन आणखी जोर लावला.

खड्ड्यात कडाक्कन आवाज झाला. चावी एकदम सैल फिरली, दांडी निसटली आणि चंद्रप्रकाश डांबरावर फेकला गेला, तोही उजव्या खांद्यावर. डोळ्यांपुढं अंधारी आली. कुणीतरी त्याला डाव्या बगलेत हात घालून अलगद उचललं आणि गिरणीच्या पायरीवर बसवलं. तो गुणाजी होता.

"स्पिंडल तुटलो," गुणाजी म्हणाला. मोजणं बंद झाल्यापासून तो चंद्रप्रकाशशी बोलला ते हे पहिलं वाक्य.

चावी ज्यावर बसायची तो व्हॉल्व्हचा दांडाच मोडला आणि व्हॉल्व्ह बंद स्थितीत अडकला. टेकडी कोरडी पडली.

नवा स्पिंडल येईपर्यंत टँकर आला तो टेकडीच्या पायथ्याशी. वरची सगळी बायामाणसं हंडे, कॅन, रंगाचे डबे घेऊन खाली. लहान जागेत बातमीला पाय लागत नाहीत. कुणामुळं काय झालं ते सगळ्यांना माहीत होतं.

"काय सरवदेकाका, झाला का निकाल?" टँकरपाशी नितेश नावाच्या रिक्षावाल्यानं विचारलं. "दोघं सीनियर आणि आम्ही ज्युनियर. आमची वाट लागली ना!"

रांग हसली. चंद्रप्रकाशनं आपला कॅन पुढं सरकवला. डाव्या हातात कॅन घेऊन तो पायऱ्या चढला, दर वळणावर टेकत. वरून उतरणाऱ्या एका म्हातारीनं त्याला वाट दिली नाही. इतकी वर्षं या टेकडीला पाणी सोडलं, आणि आज वाट नाही. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मीराच्या पुढं रांगेत जानकी होती. जानकीचा हंडा भरला, पण डोक्यावर चढेना. कंबर धरून ती तशीच उभी राहिली. मीरानं आपला हंडा खाली ठेवला, पुढं झाली आणि तिचा हंडा उचलून डोक्यावर ठेवला. जानकी चार पायऱ्या चढून थांबली, मागं न वळता म्हणाली, "तुझो भर, मी थांबतंय."

दोघी बरोबर वर गेल्या.

*

चौकशी लागली. उपअभियंता मानसी मॅडम तरुण होत्या, कडक होत्या आणि त्यांनी नियम वाचलेला होता. जोडीनं काम करताना नुकसान झालं तर जबाबदारी जोडीतल्या सीनियरची. त्याची वेतनवाढ थांबणार आणि पदोन्नतीचा विचार होणार नाही. म्हणजे चौकशीत एकच प्रश्न होता, त्या दिवशी सीनियर कोण?

ऐकून चौकीतले लोक पोट धरून हसले. तीन वर्षं दोघं ओरडत होते, सीनियर मी, सीनियर मी. आता म्हणा! 'मी' म्हटलं तर बढती गेली. 'तो' म्हटलं तर केस गेली. इकडे आड, तिकडे विहीर आणि दोन्हींत पाणी नाही.

धवल वकिलानं फोनवर सोपा उपाय सांगितला. "म्हणायचं, त्या दिवशी गुणाजी आपण होऊन मोजत होता. त्यानं 'बास' म्हटलं नाही. सीनियर कोण ते कोर्ट बघेल, चूक त्याची. झकास."

"पण तो मोजत नव्हता. आम्ही दोघं मनात मोजत होतो."

"ते कुणाला दिसलं?"

चंद्रप्रकाशनं ते वाक्य पाठ केलं. मीरानं सकाळी त्याला शर्ट घालायला मदत केली. बटणं लावताना ती म्हणाली, "मला केसमधलं कळत नाही. पण आज काय बोलशील ते जानकीच्या डोळ्याला डोळा देऊन मला सांगता आलं पाहिजे. एवढंच बघ."

मॅडमच्या टेबलासमोर दोन खुर्च्या होत्या. दोघं शेजारी बसले.

"सरवदे, तुम्ही सांगा," मॅडम म्हणाल्या.

"मॅडम, त्या दिवशी गुणाजी..." एवढं बोलून त्यानं बाजूला पाहिलं. गुणाजी मांडीवर हात ठेवून बसला होता. काळे, चिरा पडलेले हात. आणि चंद्रप्रकाशला एकदम आठवलं, पडल्यावर याच हातांनी आपल्याला उचललं होतं. डावीकडून. उजव्या बाजूला हात लावला नाही. कोणीही पडलेल्या माणसाचा समोर येईल तो हात धरून ओढतो, यानं नाही ओढला. याला कसं कळलं?

पाठ केलेलं वाक्य त्यानं तिथंच सोडलं.

"गुणाजी काय?" मॅडमनी विचारलं.

"काही नाही, मॅडम. आकडा पुरा झाला होता. मला कळलं होतं. पण मी थांबलो नाही. हा आधी थांबू दे म्हणून ढकलत राहिलो. मुद्दाम." बोलता बोलता छातीवरचा धोंडा कुणी उतरवून ठेवावा तसं त्याला वाटलं. "चूक माझी आहे. लिहा तुम्ही."

मॅडमनी पेन उचललं. तेवढ्यात गुणाजी खाकरला.

"माका पण कळला होता, मॅडम. मी पण थांबाक नाय. तो थांबलो नाय म्हणान मी थांबाक नाय. एकट्याचा नाव कित्या लिवतास?"

"मग सीनियर कोण?"

दोघांनी एकाच वेळी एकमेकांकडं बोट केलं.

मानसी मॅडमनी पेन खाली ठेवलं. त्या हसू दाबत होत्या का वैतागल्या होत्या ते कळेना. "तीन वर्षं खात्याला कोर्टात उभं केलंत," त्या म्हणाल्या, "आणि आता हे? काय माणसं आहात तुम्ही?" मग त्यांनी कपाटातून कागद काढून पाहिले. त्या व्हॉल्व्हचा स्पिंडल बदला म्हणून त्यांनीच वर दोनदा कळवलं होतं. तो गंजून अर्धा झाला होता. खरं तेच त्यांनी लिहिलं. गंजलेला स्पिंडल, आणि दोन कर्मचाऱ्यांचा हट्ट. दोघांना लेखी ताकीद. वेतनवाढ थांबली नाही, बढतीला बाध आला नाही.

"आणि उद्यापासून मोठ्यानं मोजा," मॅडम म्हणाल्या. "कुणीही एकानं."

*

बाहेर चहाच्या टपरीवर दोघं उभे राहिले. चहा गुणाजीनं सांगितला.

"गुणाजी, तुला कसं ठाऊक?" चंद्रप्रकाशनं विचारलं.

"काय?"

"माझा खांदा."

गुणाजी बशीत चहा ओतत म्हणाला, "अरे, दांडी एक, माणसा दोन. दुसऱ्या टोकाचो जोर कमी झालो तर माका कळाचा नाय? दोन वर्षां झाली, तू नुसतो हात ठेवतस. मी ढकलतंय."

"बोलला का नाहीस?"

"तू खंय बोललस? माका वाटला, लपवतस तर लपवू दे. माणसाची लाज आसता." त्यानं चहाचा घोट घेतला. "कोर्टात सांगितला असता ना मी, ह्यो अनफिट आसा म्हणान, तर केस तेव्हाच संपली असती. वकील माझो दोनदा विचारी, सरवद्याचा काय वीक पॉइंट आसा काय. मी सांगूक नाय."

चंद्रप्रकाशनं चहा खाली ठेवला. दोन वर्षं ज्याला शत्रू समजून तो रोज पहाटे शिव्या घालत होता, तो समोरच्या टोकाला त्याचंही काम ओढत होता. त्याला इतकी शरम वाटली की रस्त्याकडं तोंड करून त्यानं डोळे पुसले. गुणाजीनं ते पाहिलं आणि टपरीवाल्याशी उगाच दुधाच्या भावावरून हुज्जत घातली.

घरी येऊन त्यानं मीराला सांगितलं, "केस मागे घेतो."

"आणि खांदा?"

"बघू. अनफिट तर अनफिट. नियम मला बदली घेतानाच सांगितला होता. बाबांसाठी घेतली, मला त्याचं वाईट वाटत नाही. मग त्याची वसुली गुणाजीकडून कशाला?"

मीरानं घाबरायला हवं होतं. पण तीन वर्षांत पहिल्यांदा नवरा ताठ मानेनं बोलताना बघून तिला बरंच वाटलं. ती उठली आणि जानकीकडं निघून गेली. परत दोघी बरोबर येताहेत हे त्याला वाटेवरच्या हसण्यावरून कळलं.

त्यानं गुणाजीकडं काही मागितलं नाही. गुणाजीनंही काही कबूल केलं नाही. पुढच्या तारखेला धवल वकिलानं कपाळाला हात लावला. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहत रिवाजाप्रमाणं विचारलं, "कुणाच्या दबावाखाली मागे घेताय का?"

"नाही साहेब," चंद्रप्रकाश म्हणाला. "दबाव होता, तो गेला."

*

गुणाजी मुकादम झाला. पहिल्या सकाळी चौकीत सगळे जमले. नव्या मुकादमाच्या अंगावर जानकीनं इस्त्री केलेला शर्ट होता आणि त्यात तो स्वतःच पाहुण्यासारखा अवघडला होता. सगळ्यांचे कान कामाच्या वाटपाकडं लागले होते. ज्यानं तीन वर्षं कोर्टात फिरवलं त्याला हा कुठं घालतो, याची लोकांना भारी उत्सुकता. हर्षद नावाच्या पोरगेल्या चावीवाल्यानं तर पैज लावली होती.

गुणाजीनं एकेकाचं नाव घेतलं. गिरणीचा व्हॉल्व्ह हर्षदच्या नशिबी आला. चंद्रप्रकाश शेवटी उभा होता. डाव्या हातानं उजवं मनगट धरून, जे मिळेल ते घ्यायचं असं ठरवून.

"सरवदे, टेकडीवरच्या टाकीर."

सगळे मुकादमाकडं बघायला लागले. टाकीवरचं काम म्हणजे बसून पाण्याची पातळी बघायची आणि खाली फोन करायचा. त्या जागेसाठी लोक साहेबांच्या घरचे गणपती पोचवायला जात.

"असे काय बघतास?" गुणाजी डाफरला. "मेहेरबानी नाय करीत. नवो स्पिंडल म्हाग आसा. ह्येका परत चावीर घालून मी तो तोडूक देव काय?"

सगळे हसले. चंद्रप्रकाशला सुटल्यासारखं वाटलं. मुलीचं वर्ष पुरं होणार होतं. हात राहणार होता. त्याला खूप काही बोलायचं होतं, पण गुणाजी मुद्दाम दुसरीकडं बघत होता, आणि लोक ऐकत होते.

"मग? काय म्हणतस?" गुणाजीनं विचारलं.

"होय, मुकादम," चंद्रप्रकाश म्हणाला.

हा शब्द आपल्याला कुणीतरी म्हणावा म्हणून तो तीन वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवत होता. आज तो दुसऱ्याला म्हणताना जिभेला जडच जाईल अशी त्याची खात्री होती. पण तो इतका सहज निघाला की त्याचं त्यालाच नवल वाटलं. दारापर्यंत गेल्यावर तो पुन्हा वळला आणि काही काम नसताना आणखी एकदा म्हणाला, "येतो, मुकादम."